विहिरीपर्यंत पोहोचलेला कॅमेरा

१९७२ हे साल बदनापूर परिसरातील जुन्या पिढीच्या स्मरणात आहे ते दुष्काळाचे साल म्हणून. मराठवाड्यातील विहिरी आटल्या, जमिनीचे धनी खडी फोडायला गेले आणि मुले सुकडीवर जगली. त्याच वर्षी, २ ऑक्टोबरला, मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाले. आटलेली विहीर आणि नवा पडदा ह्यांचा काही संबंध असेल, असे त्या वेळी कोणाच्या मनातही आले नसते. आम्हांला तो संबंध सापडतो तो सई परांजपे ह्यांच्या बहुरंगी कारकिर्दीत.

सईबाईंचा जन्म १९३८ सालचा, लखनौचा. रँग्लर र. पु. परांजपे हे त्यांचे आजोबा. ते ऑस्ट्रेलियात भारताचे उच्चायुक्त असताना सईबाईंच्या बालपणाची काही वर्षे तिकडे गेली. वयाच्या आठव्या वर्षी त्यांचे 'मुलांचा मेवा' हे पुस्तक निघाले. पुढे पुण्याच्या आकाशवाणीवर निवेदन आणि मुलांचे कार्यक्रम, मग दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाचे शिक्षण, आणि १९६३ साली तेथून बाहेर पडल्यावर काही काळाने दिल्ली दूरदर्शन, असा हा प्रवास झाला.

त्या काळचे दूरदर्शन म्हणजे नांगरटीविना पडलेले रान होते. दिल्लीत प्रायोगिक प्रक्षेपण १९५९ साली सुरू झाले असले, तरी दैनंदिन प्रक्षेपणास १९६५ साल उजाडावे लागले. अशा ठिकाणी निर्माता, दिग्दर्शक आणि लेखक ही तिन्ही कामे सईबाईंनी केली. त्यांच्या 'द लिटल टी शॉप' ह्या दूरचित्रवाणीपटाने आशियाई पातळीवरील पुरस्कार मिळवला. विषय काय, तर चहाचे एक छोटेसे दुकान!

ह्या साधेपणातच त्यांच्या कामाचे मर्म आहे, असे आम्हांस वाटते. आकाशवाणीने त्यांना माणसाचे बोलणे ऐकायला शिकवले, रंगभूमीने ते संवादात बांधायला, आणि दूरचित्रवाणीने घराच्या उंबऱ्याआत अदबीने शिरायला. दिल्लीच्या अंधशाळेशी आलेल्या परिचयातून 'स्पर्श' उभा राहिला. त्यात शाळेतील खरे विद्यार्थी दिसतात, आणि नसीरुद्दीन शाह ह्यांनी रंगवलेला अंध मुख्याध्यापक दयेची भीक स्पष्ट शब्दांत नाकारतो. १९८३ च्या 'कथा'त चाळीतील ससा-कासवाची शर्यत आली, तर १९८४ च्या 'अडोस पडोस' मालिकेत शेजारधर्म आला. 'जास्वंदी', 'सख्खे शेजारी' ही नाटके, 'सिकंदर'सारखे बालचित्रपट आणि बाल चित्र समितीचे अध्यक्षपद हेही ह्याच ओघातले.

आमच्या भागाला अगदी जवळचा चित्रपट म्हणजे १९९० सालचा 'दिशा'. पाण्यावाचून शेती बुडालेल्या खेड्यातील पुरुष मुंबईच्या गिरण्यांची वाट धरतात आणि एका खोलीत दाटीवाटीने राहतात. मागे राहिलेल्या बाया बिडी कारखान्यात जाऊ लागतात. चार पैसे हातात आल्यावर घरातले नाते कसे बदलते, हे सईबाई कोणालाही खलनायक न ठरवता दाखवतात. गावात एक वेडा मात्र उरतो. ओम पुरी ह्यांनी साकारलेला हा माणूस वर्षानुवर्षे एकच विहीर खणत राहतो. लोक हसतात. शेवटी त्या विहिरीला पाणी लागते.

विहीर खणणाऱ्या प्रत्येकाला पाणी लागतेच असे नाही. हे जालना जिल्ह्यातील शेतकऱ्याला कोणी सांगायला नको. चित्रपटाने घागर भरत नाही, हेही खरे. तरीही शहरात गेलेल्याची खोली आणि गावात राहिलेल्याची विहीर एकाच चौकटीत, सारख्याच मायेने दाखवणारा कॅमेरा विरळाच.

२००६ साली सईबाईंना पद्मभूषण मिळाले आणि २०१६ साली 'सय' हे त्यांचे आत्मकथन प्रसिद्ध झाले. इतकी क्षेत्रे बदलणाऱ्याला आपण सहज 'धरसोडीचा' म्हणतो. सईबाईंची माध्यमे बदलली, पण ज्याचे कोणी ऐकत नाही त्याचे ऐकून घेण्याची त्यांची सवय बदलली नाही. पडद्यावर कोण दिसते ह्याबरोबरच कोणाचे ऐकले जाते, हेही आपल्या घरातील मुलांना पाहायला शिकवले, तर दुष्काळ सोसलेल्या पिढीचा आवाज पुढच्या पिढीपर्यंत पोहोचेल.