सागापासून पोलादापर्यंत : मुंबई गोदीची वाटचाल

उमेळ्यापासून आगाशीपर्यंतच्या वसई पट्ट्याला जहाजाचं नवल नाही. सोळाव्या शतकात आगाशीला युरोपपर्यंत मजल मारणारी जहाजं बांधली जात. पुढे १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई जिंकली आणि मुंबईच्या इंग्रजांची झोप उडाली. त्याच्या थोडं आधी ईस्ट इंडिया कंपनीने सुरतेहून लवजी नसरवानजी वाडिया या पारशी सुताराला बोलावून मुंबईत जहाजबांधणी सुरू केली होती. आजच्या नौदल गोदीचं मूळ तिथे आहे.

१७५० मध्ये पहिली सुकी गोदी उभी राहिली. भरतीला जहाज आत घ्यायचं, दरवाजा लावायचा, पाणी काढून टाकायचं आणि उघड्या पडलेल्या तळाचं काम करायचं. भरती-ओहोटीत मोठा फरक असलेल्या मुंबईला ही पद्धत मानवली. पश्चिम किनाऱ्याचा साग तर खास. त्यातल्या तेलामुळे लाकूड लवकर कुजत नाही आणि आतला लोखंडी खिळाही टिकतो. १८१० मध्ये इथून निघालेली ‘मिंडन’ ही ब्रिटिश बेटांबाहेर बांधलेली रॉयल नेव्हीची पहिली मोठी युद्धनौका. १८१३ ची ‘कॉर्नवॉलिस’ ७४ तोफांची. १८४२ मध्ये नानकिंगचा तह तिच्यावरच झाला. १८१७ ची ‘त्रिंकोमाली’ आजही इंग्लंडमध्ये हार्टलपूलच्या धक्क्याला तरंगते आहे.

मग वाफ आली. १८२९ मध्ये गोदीने ‘ह्यू लिंडसे’ पाण्यात सोडली. ४११ टनांची बोट, ८० अश्वशक्तीची दोन इंजिनं, आणि कोळशासाठी जागा जेमतेम साडेपाच दिवसांची. कमांडर जॉन विल्सन यांनी २० मार्च १८३० रोजी सुएझकडे प्रस्थान ठेवलं, तेव्हा कोळशाचं कोठार पुरेना म्हणून केबिनांत आणि डेकवरही कोळसा रचला होता. एडनला पोचायला ११ दिवस लागले. बोट महिन्याभराने सुएझला लागली आणि डाकेचा नवा मार्ग खुला झाला. त्याच साली कंपनीच्या ‘बॉम्बे मरीन’ या आरमाराला ‘इंडियन नेव्ही’ हे नाव मिळालं.

आता प्रश्न होता, लाकडात मुरलेल्या गोदीत लोखंड आणि वाफ कोण शिकणार? उत्तर वाडियांच्याच घरात होतं. १८०८ मध्ये जन्मलेले अर्देशीर खरशेदजी १८२२ मध्ये गोदीत उमेदवारीला लागले. जहाजापेक्षा त्यांचं मन यंत्रात रमे. १८३३ मध्ये त्यांनी ‘इंडस’ ही छोटी आगबोट बांधली. १८३४ मध्ये माझगावचा आपला बंगला आणि बाग गॅसच्या दिव्यांनी उजळली. १८३९ मध्ये ते विलायतेला गेले, कारखाने पाहिले आणि कंपनीच्या मुंबईतल्या स्टीम फॅक्टरीचे मुख्य अभियंता होऊन परतले. पगार महिना ६०० रुपये. १ एप्रिल १८४१ रोजी त्यांनी सूत्रं घेतली आणि युरोपियन कारागीर एका हिंदी माणसाच्या हाताखाली आले. मुंबईतल्या इंग्रजी वर्तुळात यावर नाकं मुरडली गेली. मात्र त्याच वर्षी, २७ मे रोजी, लंडनच्या रॉयल सोसायटीने त्यांना फेलो म्हणून निवडलं. हा मान मिळवणारे ते पहिले भारतीय.

१८५७ पर्यंत ते या पदावर होते. युद्धनौकेची मदार शिडावरून बॉयलरवर आली तो हा काळ. १८५४ मध्ये गोदीने ‘आसाये’ आणि ‘पंजाब’ या वाफेवर चालणाऱ्या फ्रिगेटी बांधल्या. अंग सागाचं, पोटात इंजिन. हुन्नर कळसाला होता, तरी निर्णय लंडनचा होता. १८६३ मध्ये इंडियन नेव्हीच मोडीत काढली गेली. ‘पंजाब’ विकली गेली. जॉन विलिस या जहाजमालकाने तिचं इंजिन काढून तिला ‘द ट्वीड’ नावाचं शिडाचं जहाज केलं. ते इतकं वेगवान निघालं की त्याच्या अंगलटीवरून पुढे प्रसिद्ध ‘कटी सार्क’ या जहाजाची घडण ठरली. मुंबईच्या कारागिरीला याहून मोठी पावती नको. पण ती मिळाली तेव्हा गोदीच्या हातातलं नव्या युद्धनौकांचं काम सुटत चाललं होतं. अर्देशीर १८७७ मध्ये इंग्लंडमध्ये रिचमंडला वारले.

पुढची बरीच दशकं गोदी मुख्यतः दुरुस्तीवर जगली. दोन महायुद्धांत कामाचा रगाडा वाढला, हुकूम मात्र परक्याचाच राहिला. स्वातंत्र्यानंतर हे चित्र पालटलं. आरमार आपलं, म्हणून त्याच्या गरजाही इथेच ठरू लागल्या. २८ सप्टेंबर २०१९ रोजी याच गोदीत २८१ मीटर लांबीची नवी सुकी गोदी राष्ट्राला अर्पण झाली. तिच्यात विमानवाहू नौका मावते.

पावणेतीनशेहून अधिक वर्षांच्या या वाटचालीत कसबाची वाण कधीच नव्हती. कोणतं जहाज बांधायचं आणि कोणासाठी, हे ठरवण्याचा अधिकार तेवढा दोन शतकांनी हाती आला.