सेट आपला, कुलूप कंपनीचं

जुना मोबाईल दुसऱ्या कंपनीच्या सिमवर चालेल की नाही, हा वरवर पाहता रिपेअरिंगच्या दुकानातला प्रश्न आहे. नांदेड-लातूर भागात मात्र तो वीस-बावीस वर्षं घरखर्चाचा प्रश्न राहिला आहे. इथे फोन एकाच माणसाकडे राहत नाही. पुण्यात नोकरीला लागलेला मुलगा नवा सेट घेतो, जुना गावी आईकडे येतो, आईकडून तो बारावीतल्या धाकट्याकडे जातो आणि मग दुकानात दोन-चारशे रुपयांना देऊन टाकला जातो. फोन जिथे असा हातोहात फिरतो, तिथे कंपनीने त्यात घातलेल्या कुलपाचा हिशेब वेगळा मांडावा लागतो. कुलपाच्या बदल्यात मिळणारी सवलत पहिल्या ग्राहकाला मिळते आणि कुलपाची किंमत दुसरा, तिसरा मालक मोजतो. मराठवाड्यात मोबाईलचा प्रसार या दुसऱ्या-तिसऱ्या मालकांच्या जोरावर झाला. त्यामुळे कुलूप काढणं हा इथे चोरटा उद्योग नव्हता. सरकारी धोरणाने जे काम अर्धवट सोडलं, ते दुकानदारांनी पुरं केलं, असं माझं मत आहे.

भारतात पहिला मोबाईल कॉल ३१ जुलै १९९५ रोजी झाला. कोलकात्याहून तेव्हाचे मुख्यमंत्री ज्योती बसू दिल्लीत दूरसंचार मंत्री सुखराम यांच्याशी बोलले. त्या काळात मिनिटाला सोळा रुपयांपर्यंत दर होता आणि आलेल्या कॉललाही पैसे पडत. मुंबई वगळून उरलेला महाराष्ट्र आणि गोवा असं एक सर्कल झालं, आणि त्यात नव्वदच्या दशकाच्या उत्तरार्धात बीपीएल आणि बिर्ला एटीअँडटी या कंपन्या आल्या. दोन्ही जीएसएमवर चालत, म्हणजे ग्राहकाची ओळख सेटमध्ये नसून सिममध्ये असे. अमेरिकेत आणि इंग्लंडमध्ये कंपन्या ठरावीक मुदतीचा करार करून सेट स्वस्तात देत आणि तो आपल्याच जाळ्याला बांधून ठेवत. आपल्याकडे ग्राहक सेटची पूर्ण किंमत मोजत होता, त्यामुळे जीएसएमचे सेट सहसा मोकळेच विकले जात. फोन महाग होता, पण तो खऱ्या अर्थाने घेणाऱ्याच्या मालकीचा होता. ही मोकळीक कुणी ठरवून दिलेली नव्हती, पण पुढे जे झालं ते तिच्यामुळेच होऊ शकलं.

नांदेडला या मोकळेपणाची गरज इतर जिल्ह्यांपेक्षा जास्त होती. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत हा मुलूख हैदराबाद संस्थानात होता. राज्य बदललं तरी व्यापार, दवाखाने, सोयरीक आणि मजुरी यांची वाट हैदराबादकडेच जात राहिली. नांदेडचा रेल्वे विभाग आजही सिकंदराबादला मुख्यालय असलेल्या दक्षिण मध्य रेल्वेत आहे. मोबाईलच्या नकाशाने मात्र देगलूर, बिलोली, धर्माबाद, किनवट यांच्या पलीकडे आंध्र प्रदेशचं वेगळं सर्कल आखलं, आणि उदगीर-निलंग्यापलीकडे कर्नाटकाचं. सीमा ओलांडली की रोमिंग लागे. मुखेड-कंधारहून हैदराबादला बांधकामावर जाणाऱ्या मजुराला हा भुर्दंड परवडणारा नव्हता. त्याने साधा उपाय केला: सेट एक, सिम दोन. गावी महाराष्ट्राचं, तिकडे आंध्रचं. हा उपाय चालला तो केवळ सेट मोकळा होता म्हणून. सर्कलची भिंत खाली आणायला धोरणाला बरीच वर्षं लागली. देशभर कुठेही नंबर तोच ठेवण्याची सोय ३ जुलै २०१५ ला आली. मजुराने आपली सोय त्याच्या कितीतरी आधी सिम बदलून करून घेतली होती.

खरं कुलूप आलं ते २००३ मध्ये. डिसेंबर २००२ मध्ये रिलायन्स इन्फोकॉमची, जीएसएमहून वेगळ्या सीडीएमए तंत्रावरची सेवा सुरू झाली आणि पुढच्या पावसाळ्यात ५०१ रुपये भरून सेट घरी न्यायची मान्सून हंगामा योजना निघाली. टाटा इंडिकॉमही त्याच तंत्रावर चालत होतं. सुरुवातीला या सेवांना ‘मर्यादित फिरती’ एवढीच परवानगी होती. नियमाप्रमाणे फोन साधारण तालुक्याएवढ्या क्षेत्राबाहेर चालायला नको होता. कंपन्यांनी त्यातून वाट काढली, जीएसएमवाल्यांनी कोर्टकज्जे केले आणि नोव्हेंबर २००३ मध्ये एकत्रित परवान्याने हा वाद मिटला. म्हणजे तालुक्याचं कुलूप सरकारने एका निर्णयात काढलं. सेटच्या आत असलेलं मात्र तसंच राहिलं. त्या सेटांत सिमच नव्हतं. नंबर, जाळ्याची माहिती आणि ईएसएन नावाचा ओळखक्रमांक सगळं सेटच्या आत कोरलेलं असे. रिलायन्सचा सेट टाटावर घ्यायचा तर केबल लावून सर्व्हिस कोड फोडायचा, दुसऱ्या जाळ्याची यादी आत भरायची, आणि एवढं करूनही त्या कंपनीने तो ईएसएन आपल्या नोंदीत घेतला तरच फोन लागणार. पुढे काही सेटांत सिमसारखं कार्ड आलं, पण तोवर लाखो सेट बिनकार्डाचे विकले गेले होते. बिलं थकली, कनेक्शनं बंद पडली आणि चालू स्थितीतले सेट कपाटात पडून राहिले. त्याच सुमाराला आलेला नोकिया ११०० दुसऱ्या-तिसऱ्या हाताला जाऊनही पैसे देत होता. त्याच्या टॉर्चला लोडशेडिंगच्या काळात गावोगाव मागणी होती, आणि त्यात कुठलंही सिम चालत होतं.

दुकानात नेमकं काय घडत होतं ते जवळून पाहण्यासारखं आहे, कारण ‘लॉक तोडणं’ म्हटलं की लोकांना काहीतरी फोडाफोडी वाटते. जीएसएम सेट सुरू होताना सिममधल्या क्रमांकाचे पहिले पाच अंक वाचतो. ४०४ म्हणजे भारत, पुढचे दोन अंक कंपनी आणि सर्कल सांगतात: ४०४-२२ म्हणजे तेव्हाच्या आयडियाचा महाराष्ट्र, ४०४-६६ म्हणजे बीएसएनएलचा. कुलूपबंद सेट एवढंच तपासतो की हे अंक आपल्याला सांगितलेलेच आहेत ना. नसतील तर सिम नाकारतो. त्या पिढीतल्या बऱ्याच नोकियांचं हे कुलूप उघडायला पेचकसही लागत नसे. *#०६# दाबून सेटचा पंधरा आकडी ओळखक्रमांक, म्हणजे आयएमईआय काढायचा, त्यावरून आणि कंपनीच्या क्रमांकावरून संगणकावर कोड काढायचा आणि तो कीपॅडवर टाकायचा. तारा असलेली कळ पुन्हा पुन्हा दाबली की आधी +, मग p, मग w येई. पाचदा चुकला की कीपॅडचा रस्ता कायमचा बंद. मग बॅटरीखालच्या बारीक पिनांना केबल टेकवून ‘सॉफ्टवेअर मारावं’ लागे. हुवावेने बनवलेल्या आयडियाच्या नेटसेटरसारख्या डोंगलांचा कोडही आयएमईआयवरूनच निघे. या कामाला हात स्थिर लागतो, डोकं शांत लागतं. बारावी नापास म्हणून घरच्यांनी सोडून दिलेल्या कितीतरी पोरांनी हे काम पुस्तकाशिवाय, एकमेकांचं पाहून आत्मसात केलं. त्यांच्या या कौशल्याची नोंद कुठल्याही शासकीय अहवालात शोधू नये.

परदेशातून येणारे सेट हा नांदेडचा खास भाग. ऑक्टोबर २००८ मध्ये इथे शिखांच्या गुरु-ता-गद्दीचा त्रिशताब्दी सोहळा झाला. सचखंड एक्स्प्रेसने पंजाबातून येणारे भाविक होतेच, शिवाय कॅनडा, इंग्लंड, अमेरिकेतून आलेलेही होते, आणि त्या देशांत तेव्हा करारावरचा फोन म्हणजे बहुधा कुलूपबंद फोन. तिकडचा सेट इथे नातेवाइकाला भेट दिला तरी तो उघडल्याशिवाय काही कामाचा नव्हता. आज त्याच देशांनी ही प्रथा आवरली आहे. कॅनडाने १ डिसेंबर २०१७ पासून कुलूपबंद विक्री थांबवली, इंग्लंडने डिसेंबर २०२१ पासून. अमेरिकेने २०१४ मध्ये ग्राहकाला कुलूप काढण्याचा हक्क कायद्याने दिला. नांदेडच्या दुकानात जे काम लपूनछपून होत असल्यासारखं समजलं जाई, ते तिथे ग्राहकाचं संरक्षण म्हणून कायद्यात लिहिलं गेलं.

यावर पहिला आक्षेप सवलतीचा. ५०१ रुपयांत सेट मिळाला तो कुलपामुळे, ते नसतं तर गरिबाच्या हाती फोन आलाच नसता, असं म्हणतात. यात तथ्य आहे. रिलायन्सच्या त्या योजनेने बाजार हलवला आणि दर खाली आणायला इतरांना भाग पाडलं, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण २००३ मध्येच आलेला कॉल फुकट झाला आणि स्वस्त मोकळे सेट बाजारात आले, प्रसाराचा मोठा भाग त्यामुळेही झाला. शिवाय वसुलीसाठी कुलूप लावणं समजू शकतं, पण वसुली झाल्यावर ते का राहावं? ट्रॅक्टरचं कर्ज फिटलं की सातबाऱ्यावरचा बोजा उतरवून द्यावा लागतो. सेटवरचा बोजा उतरवण्याची तारीख मात्र कुणी सांगत नव्हतं. आणि कुलूप नेहमी सवलतीपोटीच असतं हेही खरं नाही. २२ ऑगस्ट २००८ रोजी भारतात आलेल्या आयफोन ३जीची किंमत ३१,००० रुपयांपासून पुढे होती, कराराची सवलत नव्हती, तरीही एअरटेल आणि व्होडाफोनने तो आपापल्या जाळ्याला बांधूनच विकला. पूर्ण किंमत घेऊनही कुलूप लावलं जात असेल, तर त्याचं कारण वसुली असू शकत नाही. ग्राहक दुसरीकडे जाऊ नये, एवढंच ते कारण उरतं.

दुसरा आक्षेप चोरीचा, आणि तो अधिक गंभीर आहे. चोरीचे सेटही त्याच दुकानात येत होते, याकडे डोळेझाक करता येणार नाही. काही ठिकाणी कुलूप काढणारा हात आयएमईआयही बदलत होता, आणि तो गुन्हाच आहे. पण या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. कुलूप काढल्याने सेटची ओळख पुसली जात नाही, आयएमईआय जागेवर राहतो. सरकारनेही कारवाईसाठी आयएमईआयच धरला: डिसेंबर २००९ पासून आयएमईआय नसलेले सेट बंद झाले, २०१७ च्या नियमांनी त्यात फेरफार करणं बेकायदा ठरवलं, आणि २०२३ च्या दूरसंचार कायद्याने त्यासाठी तीन वर्षांपर्यंत कैद आणि ५० लाखांपर्यंत दंड ठेवला. हरवलेला सेट देशभर बंद पाडणारी सीईआयआर ही यंत्रणा सप्टेंबर २०१९ मध्ये महाराष्ट्रापासूनच सुरू झाली. चोर पकडायची साधनं ही आहेत. प्रामाणिकपणे सेट विकत घेतलेल्या माणसाला एका कंपनीला बांधून ठेवल्याने चोरी थांबत नाही.

कुलपाची खरी किंमत दिसली ती शेवटी. २० जानेवारी २०११ पासून देशभर नंबर न बदलता कंपनी बदलता येऊ लागली आणि ग्राहक मोकळा झाला असं जाहीर झालं. पण सीडीएमएचा ग्राहक जीएसएमकडे निघाला की नंबर बरोबर येई, सेट मागे राही. नवा सेट घ्यायची ऐपत असेल त्यालाच ती मोकळीक. मग २०१६ पासून रिलायन्सची सीडीएमए सेवा आवरली गेली आणि १ डिसेंबर २०१७ ला कंपनीचे आवाजी कॉलही थांबले. काहीही न बिघडलेले सेट एका रात्रीत निकामी ठरले. इथे कुणी म्हणेल की सीडीएमए सेट कुलूप काढूनही जीएसएमवर चालला नसता. बरोबर आहे. कुलूप काढल्याने तंत्र बदलत नाही. जुना मोकळा नोकियासुद्धा जिओवर चालत नाही, कारण जिओला टूजी नाहीच. पण म्हणूनच एकाच जाळ्यापुरता सेट विकताना तो धोका ग्राहकाला आधी सांगायला हवा होता. हे जाळं बंद पडलं तर तुमचा सेटही बंद, हे तेव्हा कुठल्या जाहिरातीत ठळकपणे आलं?

हा विषय जुना झाला असं मानू नये. २०१७ मध्ये १५०० रुपये अनामत घेऊन आलेला जिओफोन आणि जुलै २०२३ मध्ये ९९९ रुपयांत आलेला जिओभारत हे दोन्ही जिओच्याच सिमवर चालणारे. स्मार्टफोन घेऊ न शकणाऱ्या घरांत त्यांनी नेट नेलं, लातूरला शिकणाऱ्या पोराशी गावातल्या आईला बोलता आलं, ही मोठी गोष्ट आहे. पण गावातल्या टॉवरची रेंज गेली किंवा रिचार्ज महागला, तर त्या आईला दुसरीकडे जायचा रस्ता नाही, आणि तो सेट पुढे विकायला गेली तर गिऱ्हाईकही मर्यादित. कुलूपबंद सेटच्या पेटीवर ठळक मराठीत ‘फक्त याच कंपनीचं सिम चालेल’ असं छापलेलं असावं, आणि सेटची किंमत वसूल झाली की कंपनीने स्वतःहून, मोफत कुलूप काढून द्यावं, अशी मागणी दूरसंचार नियामक ट्रायकडे मराठवाड्यातल्या ग्राहक संघटनांनी लावून धरायला हवी. तोवर जुना सेट घेणाऱ्याने पैसे मोजण्याआधी दोन गोष्टी दुकानातच कराव्यात. *#०६# दाबून आलेला आयएमईआय ‘केवायएम’ या तीन इंग्रजी अक्षरांपुढे जागा सोडून लिहावा आणि १४४२२ वर एसएमएस करून सेटची नोंद तपासावी. आणि दुसऱ्या कंपनीचं सिम घालून एक कॉल लावून पाहावा.