‘बाई’ : एका लघुपटातील सत्य आणि कल्पित

पुण्याच्या मार्केट यार्डाचा इतिहास लिहू पाहणाऱ्यास बाजार समितीच्या दप्तरात शेतमालाची आवक व भाव यांच्या नोंदी मिळतात. हमालांविषयी त्यांच्या संघटनेचे कार्य बोलते. परंतु गाळ्यापुढे धान्य निवडणारी किंवा सायंकाळी झाडलोट करणारी स्त्री या कागदांत स्वतः बोलताना क्वचितच आढळते. हाक मारतानाही तिला पुष्कळदा ‘बाई’ एवढेच म्हटले जाते. तिची स्वतःविषयीची जाणीव कोणत्या साधनावरून अभ्यासावी? याच शहरातील सुमित्रा भावे (१९४३–२०२१) यांचा ‘बाई’ (१९८५) हा लघुपट मार्केट यार्डाविषयी नाही. तथापि या प्रश्नाच्या दृष्टीने तो विचारार्ह आहे.

भावे यांचा पिंड मूळचा संशोधिकेचा. कर्वे समाजसेवा संस्थेत त्यांनी अध्यापन केले होते. झोपडपट्टीतील स्त्रियांच्या स्वप्रतिमेचा अभ्यास करीत असता एक अडचण त्यांच्या ध्यानी आली. ज्यांच्या कथनातून हे संशोधन सिद्ध होत होते, त्या निरक्षर स्त्रियांना त्याचा लिखित अहवाल वाचता येणार नव्हता. त्यातून चित्रपटाचे माध्यम पुढे आले. कल्पिताचा आश्रय येथे केवळ रंजनासाठी घेतलेला नाही. ज्ञान जिचे, तिच्याकडे ते परत नेण्याचा तो मार्ग होता.

आठ दलित स्त्रियांची आत्मकथने ‘पॅन ऑन फायर’ या पुस्तकात १९८८ साली गौरी देशपांडे यांच्या इंग्रजी अनुवादाने प्रसिद्ध झाली. पुस्तकात आठ आयुष्ये वेगळी राहतात. लघुपटाचे शीर्षक मात्र सामान्यनाम आहे. अनेकींचे अनुभव एका कथेत गोवले की अमुक प्रसंग अमुक स्त्रीच्या घरी घडला, असा पुरावा उरत नाही. परंतु स्वतःच्या नावाने जे बोलणे कठीण, ते कथेतील स्त्रीच्या आडून ओळखता येते. फ्रेंच दिग्दर्शक झाँ रूश यांच्या १९५८ सालच्या ‘म्वा, अं न्वार’ या चित्रपटात आबिजान शहरातील स्थलांतरित मजूर चित्रपट-नटांची नावे धारण करून स्वतःचेच जीवन उभे करतात. घेतलेले नाव तेथेही आत्मकथनास साहाय्यभूत होते.

‘बाई’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तो कुटुंबकल्याण या वर्गात. स्त्रीच्या स्वप्रतिमेतून निघालेल्या कृतीस शासनाने कुटुंबाच्या सदरात बसविले, ही गोष्टही अभ्यासकाने नोंदविण्याजोगी आहे.

अर्थात, प्रसंगांची निवड व मांडणी दिग्दर्शिकेची आहे, हे विसरता येत नाही. म्हणून अशा लघुपटास घटनांची बखर मानू नये, आणि कल्पित म्हणून त्याज्यही ठरवू नये. दप्तर भाव सांगते; भाव ठरविण्यात जिचा शब्द नव्हता, तिचे मन समजून घेण्यास आत्मकथन आणि लघुपट ही दोन्ही साधने शेजारी ठेवूनच वाचावी लागतील.