गोदामात सापडलेला शब्दकोश: कोरियाच्या लिपीची गोष्ट

 

आज आपण कोरियाला जायचंय. के-ड्रामा बघताना स्क्रीनवर ती गोल आणि चौकोनी अक्षरं दिसतात ना, त्या लिपीची गोष्ट सांगणार आहे. तिचं नाव हांगुल. रील्समध्ये ही गोष्ट तीस सेकंदांत संपते: एक राजा होता, त्याने शास्त्रीय लिपी बनवली, लोक साक्षर झाले. पण खरा इतिहास बराच लांब आहे. लिपी तयार झाल्यापासून ती सरकारी व्हायला साडेचारशे वर्षं लागली. आणि पुढे तिचा शब्दकोश करणारी माणसं तुरुंगात मेली.

चला, सुरुवातीपासून बघू.

पंधराव्या शतकात कोरियात जोसन घराण्याचं राज्य होतं. लोक बोलायचे कोरियन, पण लिहायचं तर चिनी अक्षरांत. आता चिनी आणि कोरियन या भाषांची ठेवणच वेगळी. चिनी शब्दांना प्रत्यय लागत नाहीत, कोरियनमध्ये आपल्यासारखेच ढीगभर लागतात. शिवाय हजारो चिन्हं पाठ करायची. शेतात राबणाऱ्या माणसाला एवढा वेळ कुठून मिळणार? म्हणजे अन्याय झाला तरी साधा अर्ज लिहिता येत नाही.

राजा सेजोंग, राज्यकाळ 1418 ते 1450. त्याने 1443 मध्ये 28 अक्षरांची नवी लिपी तयार केली आणि 1446 मध्ये ती जाहीर केली. तिचं मूळ नाव हुनमिन-जोंगउम, म्हणजे लोकांना शिकवण्यासाठीचे योग्य ध्वनी. सामान्य माणसाला सांगायचं खूप असतं पण लिहिता येत नाही, म्हणून ही अक्षरं केली, असं कारण त्याने प्रस्तावनेतच दिलंय.

यातली गंमत आपल्याला पटकन कळेल, कारण आपण क-ख-ग-घ वर्गावर्गाने शिकलोय. कंठ्य, दंत्य, ओष्ठ्य. ध्वनी तोंडात कुठे तयार होतो, त्यावरून गट. ही भारतीय वर्गवारी बौद्ध ग्रंथांबरोबर चीनमध्ये गेली, तिथल्या ध्वनिशास्त्रात मुरली आणि तिथून सेजोंगच्या दरबारात पोचली. त्याने एक पाऊल पुढे टाकलं. आपल्याकडे क्रम शास्त्रीय आहे, पण 'न' चा आकार आणि जीभ यांचा काही संबंध नाही. हांगुलमध्ये आहे! 'न' म्हणजे टाळूकडे उचललेल्या जिभेच्या टोकाचं चित्र. 'म' म्हणजे तोंडाचा चौकोन. त्याच 'न' वर एक रेघ वाढवली की 'द', अजून एक वाढवली की 'थ'. स्वरांसाठी मूळ खुणा फक्त तीन: आकाशाचा ठिपका, जमिनीची आडवी रेघ आणि उभ्या माणसाची उभी रेघ.

आता एवढी सोपी लिपी मिळाल्यावर दरबार खूश झाला असेल? अजिबात नाही. 1444 मध्ये चे मान-री या मोठ्या विद्वानाने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी राजाला लेखी विरोध कळवला. मुद्दा असा की चीन हा संस्कृतीचा केंद्रबिंदू. स्वतःची वेगळी लिपी कोण वापरतं? मंगोल, जपानी असे 'रानटी' लोक. आपण त्यांच्या रांगेत जाऊन बसायचं का? सेजोंगने या मंडळींना एक दिवस कोठडीत टाकलं आणि दुसऱ्या दिवशी सोडून दिलं.

मला वाटतं खरी भीती दुसरी होती. वाचता-लिहिता येणं हीच ज्यांची सत्ता, त्यांना ती सगळ्यांना वाटून कशी चालेल? आणि झालंही तसंच. 1504 मध्ये योनसान-गुन या जुलमी राजाविरुद्ध हांगुलमध्ये लिहिलेली पत्रकं भिंतींवर लागली. त्याने लिपी शिकण्या-शिकवण्यावरच बंदी घातली. लिपी चालते आहे याचा याहून चांगला पुरावा काय हवा!

पुढची काही शतकं सरकारी कागद, परीक्षा, प्रतिष्ठा सगळं चिनी अक्षरांकडेच राहिलं. हांगुल मग जिवंत राहिली कुठे? घरात. बायकांच्या पत्रांत, गोष्टींच्या पुस्तकांत, रोजच्या हिशोबात. तिला तुच्छतेने 'बायकांची लिपी' म्हणायचे. पण ज्यांना हिणवलं, त्यांनीच ती टिकवली.

1894 च्या सुधारणांत अखेर सरकारी कागदपत्रांत तिला मान मिळाला. 1896 मध्ये तोंगनिप शिनमुन हे वर्तमानपत्र संपूर्ण हांगुलमध्ये निघालं, शब्दांमध्ये मोकळी जागा सोडून. तिथे काम करणाऱ्या जू सी-ग्यंग या तरुणाने पुढे कोरियन व्याकरणाला आयुष्य वाहिलं.

आता दिवस बदलणार असं वाटत असतानाच 1910 मध्ये जपानने कोरिया गिळला.

जू सी-ग्यंग 1914 मध्ये गेला. त्याच्या विद्यार्थ्यांनी 1929 मध्ये शब्दकोशाचं काम हाती घेतलं. त्यासाठी आधी शुद्धलेखनाचे नियम ठरवायला हवेत, ते 1933 मध्ये ठरवले. मग प्रमाण शब्द कोणता, बोलीतला कोणता, यावर बैठका. सुट्टीत गावी जाणाऱ्या विद्यार्थ्यांनाही शब्द गोळा करायला सांगितलं. आपल्या भाषेत क्राउडसोर्सिंग!

दुसरीकडे फास आवळत होता. 1938 मध्ये शाळेत कोरियन विषय ऐच्छिक झाला आणि हळूहळू गायबच झाला. 1940 मध्ये लोकांवर जपानी आडनावं घ्यायची सक्ती आली आणि कोरियन भाषेतली मोठी वर्तमानपत्रं बंद झाली. ऑक्टोबर 1942 पासून शब्दकोशवाल्यांची धरपकड सुरू झाली. तीसएक जणांना पकडलं, छळ केला. ली युन-जे आणि हान जिंग हे दोघं तुरुंगातच वारले. हस्तलिखित पुरावा म्हणून जप्त झालं. तेरा वर्षांचं काम, एकच प्रत, आणि ती पोलिसांकडे.

15 ऑगस्ट 1945 ला जपानने शरणागती पत्करली. वाचलेले अभ्यासक सुटले आणि आधी हस्तलिखित शोधायला लागले. 8 सप्टेंबरला सोलच्या रेल्वे स्टेशनजवळच्या एका गोदामात कागदांचे गठ्ठे सापडले. सव्वीस हजारांहून जास्त पानं! अपिलासाठी पुरावे सोलला पाठवले होते, ते तिथेच पडून राहिले होते. पहिला खंड 1947 मध्ये हांगुल दिनाला, म्हणजे 9 ऑक्टोबरला निघाला. मधे कोरियन युद्ध झालं, तरी 1957 मध्ये सहावा आणि शेवटचा खंड आला.

आता थोडं माझ्या धंद्याचं. मी दिवसभर कोड लिहितो, त्यामुळे लिपी म्हटलं की डोकं युनिकोडकडे जातंच. हांगुलमध्ये अक्षरं जोडून एक चौकोनी ठोकळा होतो. सुरुवातीची व्यंजनं 19, स्वर 21, शेवटचं व्यंजन 27 पैकी एक किंवा काहीच नाही, म्हणजे 28 पर्याय. गुणाकार करा: 11,172. पण 1987 च्या कोरियन कॉम्प्युटर मानकात फक्त 2,350 ठोकळे घेतले होते. परिणाम असा की 1990 मध्ये आलेल्या एका टीव्ही मालिकेच्या नावातलं पहिलंच अक्षर कॉम्प्युटरवर लिहिता येईना. 1996 मध्ये युनिकोडच्या दुसऱ्या आवृत्तीत सगळेच्या सगळे 11,172 आले, तेही सूत्राच्या क्रमाने. 'हान' हा ठोकळा हवा? 44032 + (18 × 21 + 0) × 28 + 4 = 54620. टेबल शोधायची गरजच नाही. पंधराव्या शतकातल्या नियमांवर आजचा कोड चालतोय! आणि मोबाइलवरचा चोनजीइन कीबोर्ड? ठिपका, आडवी रेघ, उभी रेघ, या तीन बटणांतून सगळे स्वर. हे तर थेट सेजोंगचंच डिझाइन.

मग हांगुल टिकली ती शास्त्रीय होती म्हणून का? मला तसं वाटत नाही. 1446 मध्येही ती तितकीच शास्त्रीय होती, तरी दरबाराने बाजूला ठेवली. पत्रं लिहिणाऱ्या बायकांनी, कादंबऱ्या वाचणाऱ्यांनी आणि शब्द गोळा करणाऱ्यांनी ती टिकवली. आज कोरियन पोरं चॅटवर हसतात तेव्हा आपल्याच लिपीतला 'ख' चार-पाच वेळा टाइप करतात.

आपल्याकडे मराठी कीबोर्ड प्रत्येक फोनमध्ये फुकट आहे. तरी आपल्या ग्रुपवर 'काय करतोस' इंग्रजी अक्षरांत येतं. आपल्याला कुणी तुरुंगात टाकत नाहीये, बंदीही नाही. मग अडतंय कुठे? आळस, सवय की आपल्यातही एखादा चे मान-री बसलाय, ज्याला दुसऱ्याचीच लिपी जास्त भारी वाटते?

विचार करा आणि उत्तर मला कळवा. शक्यतो देवनागरीत! भेटू पुढच्या भागात. तोवर काळजी घ्या.