बॅसिलिका कोणती आणि कॅथीड्रल कोणते?

जुन्या गोव्यात रस्त्याच्या दोन बाजूंना दोन प्रसिद्ध चर्च आहेत. एक बॉम जेझूस बॅसिलिका, दुसरे से कॅथीड्रल. शाळेची सहल तिथे गेली की विद्यार्थी हमखास विचारतात, 'दोन्ही चर्चच, मग नावे वेगळी का?' 'मोठे ते कॅथीड्रल' असे उत्तर आपण देऊन टाकतो, पण ते बरोबर नाही.

'कथेड्रा' या ग्रीक शब्दाचा अर्थ आसन. ज्या चर्चमध्ये बिशपचे अधिकृत आसन असते ते कॅथीड्रल. आपल्याकडे मठाची गादी म्हणतात, तसेच हे. पोर्तुगीज 'से' या शब्दाचा अर्थही पीठ असाच आहे. गोव्याच्या आर्चबिशपांचे निवासस्थान आज पणजीत आहे, तरी गादी जुन्या गोव्यातच आहे. रोममधले सेंट पीटर्स एवढे प्रचंड, पण ते रोमचे कॅथीड्रल नव्हे. तो मान सेंट जॉन लॅटरनचा आहे.

'बॅसिलिका' शब्दाला मात्र दोन अर्थ आहेत. प्राचीन रोममध्ये बॅसिलिका म्हणजे न्यायदानाचे व व्यापाराचे सार्वजनिक सभागृह. इ.स. ३१३ नंतर ख्रिस्ती धर्माला राजमान्यता मिळाली, तेव्हा उपासनेसाठी पुष्कळ माणसे आत मावतील अशी इमारत हवी होती. रोमन देवळात मूर्ती आत आणि बळीची वेदी बाहेर असे, म्हणून हे सभागृह सोयीचे ठरले. मधले लांब दालन, दोन्ही बाजूंना खांबांच्या रांगा, त्यापलीकडे अरुंद दालने आणि टोकाला अर्धवर्तुळ. कार्ल्याचे चैत्यगृह ज्यांनी पाहिले आहे त्यांना ही रचना चटकन कळेल. अर्थात, साम्य दिसले म्हणजे एकाने दुसऱ्याची नक्कल केली असे सिद्ध होत नाही. मोठा जमाव आत सामावण्याची गरज दोन्हीकडे सारखीच होती.

दुसरा अर्थ मानाच्या पदवीचा. ही पदवी पोप देतात. बॉम जेझूस हे जेझुइटांचे चर्च १५९४ मध्ये सुरू होऊन १६०५ मध्ये पुरे झाले. ते बॅसिलिका ठरले १९४६ मध्ये. त्यासाठी एक वीटही हलवावी लागली नाही.

गंमत पुढेच आहे. बॉम जेझूसला खांबांच्या रांगा नाहीत, सारे एकच दालन आहे. उलट १५६२ मध्ये सुरू झालेल्या से कॅथीड्रलमध्ये मधले दालन आणि दोन्ही बाजूंना उपदालने आहेत. म्हणजे रचनेने पाहिले तर कॅथीड्रलच बॅसिलिकेच्या अधिक जवळचे! नाव दर्जा सांगते, रचना सांगत नाही.

दर्जा इमारतीचे रक्षणही करत नाही. बॉम जेझूसच्या भिंती जांभ्याच्या, तर दर्शनी भागावरचे कोरीवकाम बेसॉल्टचे आहे, कारण सच्छिद्र जांभ्यात बारीक नक्षी टिकत नाही. या जांभ्यावरचा चुन्याचा गिलावा १९५० च्या दशकात काढून टाकण्यात आला. तेव्हापासून कोकणपट्टीचा पाऊस थेट दगडावर पडतो आणि दगड झिजतो. १९८६ मध्ये हा परिसर जागतिक वारसा यादीत आला, पण पाऊस यादी पाहत नाही. पर्यटकांना मात्र हा उघडा तांबडा दगडच मूळचा वाटतो.

पुढच्या सहलीत दोन्ही चर्चचे आराखडे विद्यार्थ्यांकडून काढून घ्यावेत. भिंत कशाची, तिच्यावर गिलावा आहे का, याचीही नोंद करून घ्यावी. पाटीवरचे नाव नंतर वाचले तरी चालेल.