शनिवार, रात्री ९ : रेडिओ क्विटो

१० वर्षं, ३ महिने, १३ दिवस आधी
३० ऑक्टोबर १९३८, रविवार, रात्री ८. न्यूयॉर्कमधल्या सीबीएस या रेडिओ कंपनीच्या स्टुडिओत २३ वर्षांचा ऑर्सन वेल्स मायक्रोफोनसमोर उभा आहे. एच. जी. वेल्स यांच्या १८९८ च्या कादंबरीवरची श्रुतिका सुरू होते. मंगळावरून पृथ्वीवर स्वारी, असा तिचा विषय. लेखक हॉवर्ड कॉख यांनी तिची मांडणी बातम्यांसारखी केली आहे : नृत्यसंगीत चालू आहे, मध्येच बातमी, पुन्हा संगीत, पुन्हा बातमी.

संहिता आधी कंपनीतल्या लोकांनी तपासली आहे. लँगली हवाई तळाचं लँगहॅम करायला लावलं आहे. हवामान खात्याचं आणि हॉटेलचं खरं नावही बदललं आहे. हे नाटक आहे, असं सुरुवातीला सांगितलं जातं. ८:४० च्या सुमारास मध्यंतरात पुन्हा सांगितलं जातं.

तरीही घाबरलेल्या श्रोत्यांचे फोन खणखणत राहतात. रात्री ९ ला श्रुतिका संपते. ऑर्सन वेल्स स्वतः श्रोत्यांना सांगतो, की ही हॅलोविनची गंमत होती.

४ वर्षं, ३ महिने आधी
१२ नोव्हेंबर १९४४, चिली. तीच कथा आता स्पॅनिशमध्ये. मंगळवासी या वेळी राजधानी सान्तियागोच्या दक्षिणेला पुएंते आल्तोला उतरतात. लोक घराबाहेर धावतात. हृदयविकाराने एक जण दगावल्याचं वृत्त येतं. नाटक बदललेलं नाही, फक्त गावाचं नाव श्रोत्यांच्या ओळखीचं झालं आहे. इशारा द्यायला एवढं पुरेसं होतं.

तयारी
क्विटो, इक्वाडोरची राजधानी, समुद्रसपाटीपासून सुमारे २,८५० मीटर उंचीवर. 'रेडिओ क्विटो' हे केंद्र 'एल कोमेर्सिओ' या दैनिकाचं आहे. दोघांची इमारत एकच. शहराचा या दैनिकावर विश्वास आहे, आणि तोच विश्वास रेडिओच्याही वाट्याला आला आहे.

तीच श्रुतिका आता इथे बसवतात लिओनार्दो पाएस आणि चिलीचा नट एदुआर्दो अल्काराज. घटनास्थळ इक्वाडोर ठरतं. गावं खरी ठेवली जातात, लष्करी तळही खरा. मोठ्या पदावरच्या माणसांचे आवाज हुबेहूब काढू शकणारे नट निवडले जातात. न्यूयॉर्कमध्ये संहितेतून जे जे काढायला लावलं होतं, ते ते इथे मुद्दाम घातलं जातं.

१२ फेब्रुवारी १९४९, शनिवार, रात्री ९ च्या सुमारास
बेनीतेस आणि वालेन्सिया ही लाडकी गायक जोडी गात आहे. घरोघरी रेडिओ चालू आहे. पुढे नाटक आहे, असं कुणीही सांगत नाही.

पहिली बातमी
गाणं मध्येच तुटतं. निवेदक तातडीचं वृत्त देतो : ढगाच्या रूपात शत्रू आला आहे, दक्षिणेकडचं लाताकुंगा गाव उद्ध्वस्त झालं आहे. तो ढग आता क्विटोकडे सरकतो आहे.

दुसरी बातमी
मारिस्काल सुक्रे हवाई तळ शत्रूच्या हाती गेला. अनेक मृत, अनेक जखमी. हा तळ क्विटोचाच आहे.

मंत्री, मग महापौर
सरकारातल्या एका मंत्र्यासारखा आवाज शांत राहण्याचं आवाहन करतो, म्हणजे शहराचं संरक्षण नीट करता येईल. त्यानंतर महापौरांसारखा आवाज : बायका-मुलांनी आसपासच्या डोंगरांवर जावं, पुरुषांनी लढायला उभं राहावं.

नाटकाची हद्द इथे ओलांडली जाते. आतापर्यंत श्रोत्याला फक्त घाबरायचं होतं. आता त्याला हुकूम मिळाला आहे.

धर्मगुरू
एक धर्मगुरू देवाकडे दयेची याचना करतो. मागे चर्चच्या घंटांचा नाद, ध्वनिमुद्रित. रात्रीच्या कपड्यांतली माणसं रस्त्यावर येतात.

उत्तरेकडून
ला प्रेविसोरा या उंच इमारतीच्या माथ्यावरून बोलत असल्याचं एक निवेदक सांगतो. आग आणि धुराने वेढलेला राक्षस उत्तरेकडून येताना त्याला दिसतो आहे. त्याच दिशेला कोतोकोयाव हे गाव आहे. पोलीस आणि सैनिक तिकडे निघतात.

खुलासा
रस्त्यांवर काय चाललं आहे, हे अखेर स्टुडिओत कळतं. सगळं काल्पनिक होतं, शांत राहा, अशी घोषणा होते.

लोक याही वेळी रेडिओवर विश्वास ठेवतात. आपल्याला फसवलं गेलं, हे त्यांना त्याच क्षणी कळतं. भीतीचा राग होतो, आणि तो राग एल कोमेर्सिओच्या इमारतीकडे वळतो.

त्यानंतर
दगड येतात, काचा फुटतात. आतले काही जण मागच्या दाराने निसटतात, काही वरच्या मजल्याकडे धावतात. पेट्रोल ओतलं जातं, कागदाचे पेटते बोळे आत पडतात. खाली कागदाचे साठे आहेत, छपाईयंत्रं आहेत.

मदत मागितली जाते. ती वेळेवर येत नाही, कारण ज्यांनी यायचं ते मंगळवासीयांना अडवायला शहराबाहेर गेले आहेत. शेवटी रणगाडे आणि अश्रुधूर वापरून रस्ता मोकळा केला जातो. तोवर आत अडकलेल्यांनी खिडक्यांतून उड्या टाकल्या आहेत.

किमान ६ जण मरतात. इमारत जळून जाते. पाएस पुढे देश सोडून व्हेनेझुएलाला जातात.

१७४ दिवसांनंतर
५ ऑगस्ट १९४९. क्विटोच्या दक्षिणेला अंबातो परिसरात भूकंप होतो. ५,००० हून अधिक माणसं मरतात. पडझड झालेल्या गावांत लाताकुंगाही असतं. या वेळी बातमी खरी असते. अशा दिवशी ऐकणाऱ्याने क्षणभरही शंका घेऊ नये, एवढ्यासाठी रेडिओने आपला शब्द जपायचा असतो. फेब्रुवारीतल्या त्या रात्री तोच शब्द नाटकात वापरला गेला होता.