चौकोनी खुंट्या

इतिहास म्हटला की डोळ्यांपुढे लढाया, तह आणि सनावळ्या उभ्या राहतात. तीस वर्षे मी शाळेत तोच इतिहास शिकवला. त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण ज्या वर्गात मी तो शिकवीत होतो, त्या वर्गाचा इतिहास कुणी लिहिला? मधल्या सुट्टीत कोण कुणाबरोबर डबा खात होते आणि कोण एकटेच भिंतीकडे तोंड करून बसत होते, याची बखर कुठे सापडायची? आज अशाच एका बखरीची हकीकत सांगावी म्हणतो. ती रचली गेली अमेरिकेत, दूरचित्रवाणीच्या पडद्यावर, आणि तिचे आयुष्य सहा महिन्यांचेही भरले नाही.

मालिकेचे नाव ‘स्क्वेअर पेग्ज’, म्हणजे चौकोनी खुंट्या. गोल भोकात चौकोनी खुंटी बसत नाही, तशी कुठल्याच कंपूत न बसणारी मुले, असा त्याचा अर्थ. २७ सप्टेंबर १९८२ रोजी सीबीएस वाहिनीवर तिचा पहिला भाग दिसला आणि ७ मार्च १९८३ रोजी शेवटचा नवा भाग. अर्ध्या अर्ध्या तासाचे सारे मिळून वीस भाग. माझ्या पुतणीने अमेरिकेहून येताना त्यांच्या तबकड्या आणल्या, म्हणून मला त्या पाहायला मिळाल्या.

तिची जनक अ‍ॅन बीट्स ही मोठी हिकमती बाई. ‘नॅशनल लँपून’ या विनोदी मासिकाच्या संपादकवर्गातली ती पहिली स्त्री. पुढे १९७५ साली ‘सॅटर्डे नाइट लाइव्ह’ सुरू झाले, तेव्हा त्याच्या पहिल्या लेखकमंडळात ती होती. विनोद हा पुरुषांचा प्रांत, असे मानणारे लोक तिथेही होते. तेव्हा १९७६ साली तिने आणखी एका लेखिकेच्या जोडीने केवळ बायकांनी लिहिलेल्या विनोदाचा संग्रहच काढला! ‘चौकोनी खुंट्यां’साठीही तिने लेखकवर्गात बायकांचाच भरणा केला. गोष्टी घेतल्या त्या न्यूयॉर्क राज्यातल्या सोमर्स या गावच्या स्वतःच्या शाळेतल्या आठवणींवरून.

कथेत वीमावी नावाचे हायस्कूल आहे. (चित्रीकरण कॅलिफोर्नियातल्या नॉरवॉक येथील एका बंद पडलेल्या शाळेत होई.) पॅटी उंच, काटकुळी, चष्मेवाली; लॉरेन गुटगुटीत, दातांना तारा लावलेली. शाळेतल्या मानाच्या कंपूत शिरकाव करून घ्यायचाच, हा लॉरेनचा निश्चय, आणि पॅटी बिचारी तिच्यामागून ओढली जाते. त्यांना साथ दोघांची. एक मार्शल, सदा विनोद करून लोकांना हसवू पाहणारा; दुसरा जॉनी स्लॅश, काळा चष्मा लावून आपल्याच संगीताच्या तंद्रीत वावरणारा. आणि मफी नावाची एक उत्साहमूर्ती आहे. शाळेने ग्वाटेमालातली एक मुलगी दत्तक घेतली आहे, तिच्यासाठी ही अखंड वर्गणी गोळा करीत असते. अशी मफी कुठल्या शाळेत नसते?

गंमत पाहा. लॉरेनचे काम करणारी एमी लिंकर तेवढी जाड नव्हती. तिच्या कपड्यांखाली भर घालीत आणि दातांवर खोट्या तारा चढवीत. चौकोनी खुंटीसुद्धा पडद्यासाठी तासून घ्यावी लागली! पॅटी झालेली सारा जेसिका पार्कर तेव्हा अवघी सतरा वर्षांची होती. पुढे ‘सेक्स अँड द सिटी’मुळे ती जगप्रसिद्ध झाली. जॉनी झालेला मेरिट बट्रिक मात्र १९८९ साली, एकोणतिसाव्या वर्षी, एड्सने गेला.

मालिका चालली का नाही? दर सोमवारी रात्री आठला ती लागे. त्याच वेळी दुसऱ्या वाहिनीवर लोकांच्या लाडक्या ‘लिटल हाउस’चा नवा अवतार असे आणि तिसरीवर अचाट करामती दाखवणारा ‘दॅट्स इन्क्रेडिबल’. बेताच्या रूपाच्या दोन मुलींकडे बघायला पुरेसे लोक वळले नाहीत. २८ फेब्रुवारी १९८३ या सोमवारी याच वाहिनीवर ‘मॅश’ने निरोप घेतला, तो अमेरिकेत दहा कोटींवर लोकांनी पाहिला. पुढच्याच सोमवारी खुंट्यांचा शेवटचा भाग लागला. त्याला निरोपाचा सोहळा नव्हता. एक हंगाम झाला आणि दुकान बंद झाले.

तरीही ही बखर मला मोलाची वाटते. दोघी मैत्रिणी कंपूच्या दारावर पुन्हा पुन्हा धडका देतात, पुन्हा पुन्हा तोंडावर आपटतात. पण आपटतात त्या बरोबरच. तबकडी पाहताना पुतणी खदखदून हसत होती आणि मी मात्र उठून गॅलरीत गेलो.

मी सहावीत असताना माझा एक मित्र होता. आम्ही एकाच डब्यात जेवायचो. वर्गात एक कंपू होता, त्यांच्याजवळ स्वतःची बॅट होती. एके दिवशी त्यांनी मला खेळायला बोलावले, त्याला नाही. मी गेलो. दुसऱ्या दिवशी डबाही त्यांच्यातच खाल्ला. तो काही बोलला नाही. वर्षअखेर शाळा सोडून गेला. पुढे मी मास्तर झालो, शेकडो मुलांची हजेरी घेतली; पण मधल्या सुट्टीत वर्गात डोकावून एकटे कोण बसले आहे हे पाहावे, असे मला कितीदा सुचले? फार थोड्या वेळा.

अ‍ॅन बीट्स २०२१ साली गेली. तिने आपल्या शाळेतले एकटेपण विसरू दिले नाही, हसता हसता लिहून ठेवले. दिवाळीची सुट्टी संपून तुमच्या घरची मुले शाळेत जाऊ लागतील, तेव्हा मार्कांची चौकशी जरूर करा. पण त्याआधी एवढे विचारा, की बाळ, मधल्या सुट्टीत तुझ्याशेजारी कोण बसते?